तुम्ही विचारलंत म्हणून: डाव्या चौकटीतला मी

"हल्ली २६ नोव्हेंबरला तुम्ही टीव्हीवर दिसत नाही?" बँकेच्या रांगेत विचारतात, लग्नाच्या पंगतीत विचारतात, परवा तर केस कापणाऱ्याने कात्री थांबवून विचारलं. म्हणून सांगतो. भांडण झालेलं नाही. वयही झालेलं नाही, निदान तेवढं नाही.

मुंबईवरच्या दहशतवादी हल्ल्याच्या स्मृतिदिनी चॅनेलवरच्या चर्चेला चार-पाच वर्षं मी नेमाने जात होतो. एक निवृत्त पोलीस अधिकारी, दोन पक्षांचे प्रवक्ते आणि ‘साहित्यिक’ म्हणून मी. बारीक रेघांचा शर्ट कॅमेऱ्यात थरथरतो, एवढं शिकलो. सागरी गस्त, फोर्स वन हे राज्याचं कमांडो पथक, एनएसजी या केंद्राच्या कमांडो दलाचं मुंबईतलं केंद्र हे प्रश्न बाकीच्यांना. शेवटची चाळीस सेकंदं माझी: "सर, मुंबईचं स्पिरिट..." आम्हाला माहीत असलेलं स्पिरिट इंजेक्शनच्या आधी कापसाने लावतात. गार वाटतं, सुई टोचायची ती टोचतेच. दुसऱ्या दिवशी लोकल पकडणाऱ्याला शूर म्हणण्याआधी त्याची रजा किती शिल्लक होती ते विचारा, असं एकदा म्हणालो. लगेच ब्रेक झाला.

तरी जात राहिलो. थांबलो ते आमच्या मजल्यावरच्या वहिनींमुळे. त्यांचे दीर २००८च्या त्या रात्री सीएसटीला मेन लाइनच्या हॉलमध्ये गाडीची वाट बघत बसले होते. त्या स्टेशनात पन्नासहून जास्त माणसं गेली; त्यात बाहेरगावच्या गाडीसाठी सामान घेऊन बसलेली कितीतरी. एका वर्षी स्टुडिओतून परतताना वहिनी जिन्यात भेटल्या. म्हणाल्या, "भावजी, तुमचं ऐकायचं होतं हो. पण टीव्हीवर टॉवेल टाकून ऐकलं."

मला उमगेना. घरी येऊन रेकॉर्डिंग लावलं. स्टुडिओत बसलेल्याला घरचा पडदा कुठे दिसतो? डाव्या चौकटीत मी ‘सामूहिक जखम’ वगैरे म्हणतोय. उजवीकडे तोच हॉल, त्याच विखुरलेल्या बॅगा, फरशीवर तेच. बारा सेकंदांची फीत. माझं एक उत्तर संपेपर्यंत ती तीनदा फिरली.

सुप्रीम कोर्टाने २०१२ साली कसाबच्या निकालात चॅनेलांना चांगलंच सुनावलं होतं. कमांडोंच्या हालचाली थेट दाखवल्या गेल्या आणि तिकडे पाकिस्तानातून हल्लेखोरांना फोनवरून हुकूम सोडणाऱ्यांना सगळं बसल्या जागी दिसत राहिलं. २०१५मध्ये नियम आला: कारवाई चालू असताना थेट प्रक्षेपण बंद, नेमलेला अधिकारी सांगेल तेवढंच दाखवायचं. उत्तम नियम आहे. पण तो कारवाई संपेपर्यंतचा. ताजमधला गोळीबार २९ तारखेच्या सकाळी थांबला. ही फीत दर नोव्हेंबरला नव्याने सुरू होते, आणि तिच्या शेजारी मी टाय नीट करून बसलेला.

पुढच्या वर्षी फोन आला तेव्हा म्हटलं, येतो, पण मी बोलताना शेजारी ती दृश्यं नकोत. फोनवरची मुलगी अगदी अदबीने बोलत होती. "सर, वर विचारून कळवते," म्हणाली.

त्यालाही आता बरेच नोव्हेंबर झाले.