मे महिना, आमटी आणि काचेचे डबे

काळ्या मसाल्याची आमटी प्लास्टिकच्या डब्यात एकदा गोठवली की तिचा रंग आणि वास डब्याला कायमचा चिकटतो. म्हणून काचेचे डबे आणले, बोरोसिलिकेटचे, म्हणजे ताप-गार सोसणाऱ्या काचेचे. दुकानात सरळ उभ्या कडांचे आणि रुंद तोंडाचेच निवडले. पाणी गोठताना साधारण ९ टक्के फुगतं. वर निमुळती होत गेलेली बरणी असली की फुगायला वाव राहत नाही आणि काच तडकते.

सोलापुरात खरी कसरत मात्र गॅस बंद केल्यावर सुरू होते. पारा ४२-४३ ला टेकलेला असताना ‘निवेपर्यंत राहू दे ओट्यावर’ चालत नाही. एरवी शिजवलेलं अन्न दोन तासांत फ्रिजमध्ये गेलं तरी चालतं, पण हवा ३२ अंशांच्या वर असली की तासाभरातच जायला हवं. नळाच्या पाण्यात पातेलं ठेवावं, तर गच्चीवरच्या टाकीचं पाणी दुपारी हाताला चटका देतं! मग परातीत माठातलं पाणी आणि भरपूर बर्फ घेते, आमटी पसरट स्टीलच्या पातेल्यात ओतून त्यात ठेवते आणि डावाने हलवत राहते. सासूबाई सोफ्यावरून म्हणतात, “आमटीचे लाड बघा.” म्हणू देत.

कोमट झाली की डब्यात भरायची, वर दोन बोटं जागा सोडून. झाकण नुसतं टेकवायचं. डबा आधी फ्रिजमध्ये, पुरता गार झाला की उणे १८ च्या फ्रीझरमध्ये. क्लिपा दुसऱ्या दिवशी, आमटी दगड झाल्यावर. झाकणावर तारखेची चिकटपट्टी लावतेच, कारण गोठलेली आमटी आणि गोठलेलं सांबार सारखंच दिसतं.

खायची असेल त्याच्या आदल्या रात्री डबा फ्रिजच्या खालच्या कप्प्यात येतो. बोरोसिलिकेट साध्या काचेपेक्षा ताप-गार जास्त सोसते, तरी गोठलेला डबा टाकीच्या त्या कढत पाण्याखाली कुणी धरू नये, म्हणून घरात सगळ्यांना बजावून ठेवलंय. वितळल्यावर आमटी पातेल्यात काढून खळखळून उकळते. उरली तर परत गोठवत नाही.

लाईट गेली तर फ्रीझर उघडायचाच नाही. गच्च भरलेला आणि बंद राहिला तर साधारण दोन दिवस तग धरतो.

बटाट्याची आमटी मात्र गोठवू नका. फोडी भुसभुशीत होतात.