झोपेतली कमाई

मंगळवार, रात्री साडेअकरा

आज रॉयल्टीचा हिशोब आला. दोन गाणी, तीन महिने, मिळून २३ रुपये ६० पैसे. एक वडापाव सुटला, चहा पदरचा. आईने "आले का रे पैसे?" विचारलं, तर "येतायत" म्हणून सटकलो.

मग आठवले वल्फपेक. अमेरिकेतल्या अ‍ॅन आर्बरचा फंक बँड. मार्च २०१४मध्ये त्यांनी स्पॉटिफायवर 'स्लीपिफाय' नावाचा अल्बम टाकला. दहा ट्रॅक, प्रत्येक तीस सेकंदांहून जेमतेम मोठा, आणि दहाच्या दहा कोरे. ट्रॅकचं नाव 'झेड', पुढे एकेक झेड वाढत जाणारा, व्यंगचित्रात घोरणाऱ्याच्या डोक्यावर काढतात तसा. चाहत्यांना विनंती एवढीच, की रात्री हे रिपीटवर लावून खुशाल झोपा. पैसे आले की आम्ही फुकट कार्यक्रम करू, आणि जिथे जास्त वाजेल तिथे येऊ.

लोक त्या शांततेवर हसले. मला हसू येतं ते तीस सेकंदांचं. गाणं तेवढं वाजलं की ते 'ऐकलं' असं धरतात, मग समोरचा घोरत का असेना. तेव्हा एका वेळचे साधारण अर्धा सेंट मिळायचे. सात तासांची झोप म्हणजे आठशे वेळा, म्हणजे माणशी रात्रीचे चार डॉलर. असं करत जवळजवळ वीस हजार डॉलर झाले! स्पॉटिफायचा माणूस म्हणाला, यांचे आधीचे अल्बम बरे, हा जॉन केजची (एकही सूर न वाजवण्याची रचना करणारा अमेरिकन संगीतकार) नक्कल वाटतो. (हे उत्तर मला मनापासून आवडलं.) एप्रिलअखेर स्पॉटिफायने अल्बम काढून टाकला, पण सप्टेंबरात फुकट कार्यक्रम झालेच.

ब्रिटनच्या केएलएफ या बँडमधल्या दोघांनी १९९४ साली जुरा बेटावर दहा लाख पौंड जाळले, त्याचं कौतुक अजून चालतं. मला तो माज वाटतो. वल्फपेकनी वाण्यासारखी वही मांडली आणि नियमाच्या फटीतून थट्टा केली.

आता माझं गाणं. चार मिनिटं बावन्न सेकंद, त्यात पहिली चाळीस सेकंद नुसता तानपुरा. म्हणजे मी तोंड उघडायच्या आधीच गाणं ऐकून झालेलं असतं! ती चाळीस सेकंद लावताना मी अख्खा रविवार घालवला होता. जव्हारी, म्हणजे तारांचा तो गुंजणारा नाद, मनासारखी बोलेना.

जुना फोन चार्जिंगला लावलाय. माझंच गाणं रिपीटवर, आवाज शून्य. लाज वाटतेय, पण लावलंय.

बुधवार, सकाळ

फोन बंद. आई रात्री पाणी प्यायला उठली होती. म्हणाली, "तुझं गाणं चालू होतं, पण ऐकूच येईना. बिघडलाय तो फोन, दाखवून आण."