३ जानेवारी १९४६ : एक फाशी आणि तीन सुटका

गेल्या महिन्यात आमच्या फॅमिली ग्रुपवर जोरदार भांडण झालं. कुठल्यातरी बातमीखाली माझ्या मावसभावाने लिहिलं की देशद्रोह्यांना सरळ फासावर द्या, केसबिस काही चालवायला नको, आणि त्यावर धडाधड अंगठे आले. मी एवढंच विचारलं की देशद्रोह म्हणजे नक्की कुठलं कलम रे? तर म्हणाला, "ताई, तेच ना, राजद्रोहाचं, टिळकांना लावलेलं." मग कोणीतरी म्हटलं महाराजांच्या काळात टकमक टोक होतं तेच बरं होतं, आणि विषय तिथेच संपला. माझ्या डोक्यातून मात्र गेला नाही, म्हणून आज सविस्तर लिहितेय.

आधी कलमाचं सांगते, कारण सगळा घोळ तिथेच आहे. टिळकांना लावलेलं, भारतीय दंड संहितेतलं कलम १२४अ. ते १८७० साली आलं, सरकारविरुद्ध अप्रीती निर्माण करणं असा तो गुन्हा. १८९७ ला त्यात टिळकांना दीड वर्ष झाली, १९०८ ला सहा वर्षं मंडाले. या कलमात फाशी कधीच नव्हती, इंग्रजांच्या काळातही नाही. फाशीचं कलम वेगळं, १२१. राणीविरुद्ध युद्ध पुकारणं, पुकारायचा प्रयत्न करणं किंवा दुसऱ्याला त्यासाठी चिथावणी देणं, आणि शिक्षा फक्त दोनच, फाशी नाहीतर जन्मठेप काळं पाणी. मधलं काही नाही, न्यायाधीशाला वाटलं की चला पाच वर्षं देऊन सोडू तर तशी सोयच नाही. नाशिकच्या बाबाराव सावरकरांना १९०९ ला जन्मठेप झाली ती याच कलमाखाली, कशासाठी तर कविता छापल्या म्हणून. चिथावणी शब्दात कविताही बसली! हायकोर्टातही शिक्षा कायम राहिली.

आता माझं आजोळ येवला. लहानपणापासून तात्या टोपे आमचे, येवल्याचे, हे ऐकत आलेय. पण त्यांच्यावर आरोप नक्की काय होता हे मी चाळिशी उलटल्यावर वाचलं. नरवरच्या मानसिंगाने फितुरी केली, ७ एप्रिल १८५९ च्या रात्री तात्यांना पारोणच्या जंगलात पकडून दिलं, १५ ला शिप्रीला म्हणजे आजच्या शिवपुरीला कोर्टमार्शल बसलं आणि १८ तारखेला फाशी. अकरा दिवसांत सगळं उरकलं. आरोप होता ब्रिटिश सरकारविरुद्ध बंड करून युद्ध केल्याचा. तात्यांनी जबानी दिली ती वाचून मला भरून आलं, कारण त्यात रडगाणं नाही, माफी नाही. त्यांचं म्हणणं एवढंच की काल्पीपर्यंत मी माझ्या धन्याचा, नानासाहेब पेशव्यांचा हुकूम पाळला, पुढे त्यांचे पुतणे रावसाहेब यांचा पाळला.

हा साधा वाटणारा मुद्दा खरं तर सगळ्या राजद्रोहाच्या कायद्याचं मूळ आहे. आपल्याकडे म्हणतात ना, खाल्ल्या मिठाला जागावं. खून, चोरी, दरोडा यात तुम्ही काय केलंत ते बघतात, राजद्रोहात आधी बघतात तुम्ही मीठ कोणाचं खाल्लंत. तुम्ही ज्याचे नाहीच त्याचा द्रोह करताच येत नाही, फार तर त्याचे शत्रू असता. तात्यांनी मीठ पेशव्यांचं खाल्लं होतं. त्यांना बंडखोर म्हणायचं तर आधी ते इंग्रजांचे प्रजाजन होते हे ठरवायला हवं होतं, पण ते गृहीत धरलं गेलं, कारण कोर्ट त्यांचं आणि दोरही त्यांचाच. दिल्लीत तर त्याच्या आदल्याच वर्षी याहून चमत्कारिक प्रकार झाला होता. बहादूरशहा जफरवर लाल किल्ल्यात त्याच्याच दिवाण-ए-खासमध्ये खटला चालवला, ब्रिटिशांचा प्रजाजन असून द्रोह केला म्हणून, आणि कंपनी तर कागदोपत्री वर्षानुवर्षं बादशहाच्या नावाने कारभार करत होती! पकडताना जिवाची हमी दिलेली म्हणून फाशी टळली, रंगूनला पाठवलं.

इंग्रजांचा स्वतःचा राजद्रोहाचा कायदा १३५१ चा आहे, तिसऱ्या एडवर्ड राजाचा, आणि त्याच जुन्या कायद्यावर विसाव्या शतकात माणसं फाशी गेली. रॉजर केसमेंट हे त्यातलं नाव मला सारखं आठवतं. मूळचा डब्लिनकडचा, ब्रिटिश वकिलातीत नोकरी, काँगोमध्ये रबरासाठी तिथल्या लोकांवर जे भयानक अत्याचार चालले होते त्याचा रिपोर्ट याने लिहिला, पुढे सर ही पदवी मिळाली. आणि मग हाच माणूस पहिल्या महायुद्धात जर्मनीला गेला आणि तिथल्या आयरिश युद्धकैद्यांमधून आयर्लंडच्या स्वातंत्र्यासाठी फौज उभी करायला लागला. ओळखीचं वाटतंय ना? फौज काही फारशी जमली नाही, एप्रिल १९१६ ला जर्मन पाणबुडीतून आयर्लंडच्या किनाऱ्यावर उतरला आणि लगेच पकडला गेला.

खटल्यात वकिलाने मुद्दा काढला की कायद्यात राजाच्या राज्यात शत्रूला सामील होणं असं आहे, आणि याने जे केलं ते जर्मनीत. सरकार पक्षाचं म्हणणं की पुढे जे "किंवा इतरत्र" असे शब्द आहेत ते सगळ्याच वाक्याला लागू होतात. म्हणजे वाक्य कुठे तोडायचं यावर माणसाचा जीव अडकला, दोन न्यायाधीश जाऊन मूळ जुना दस्तऐवज बघून आले की तिथे विरामचिन्ह आहे का! ३ ऑगस्ट १९१६ ला पेंटनव्हिल तुरुंगात फाशी झाली, आणि स्वल्पविरामावर फाशी गेलेला माणूस अशी त्याची ओळखच पडली. त्याच्याविरुद्ध सरकारचा वकील होता एफ. ई. स्मिथ, ज्याने दोनच वर्षांपूर्वी आयर्लंडच्या उत्तरेकडच्या अल्स्टरच्या लोकांनी सरकारविरुद्ध हत्यारं जमवली तेव्हा त्यांना उघड पाठिंबा दिला होता. त्याच्यावर कोणी खटला भरला नाही. तो पुढे लॉर्ड बर्कनहेड झाला, आपला भारतमंत्री झाला, सायमन कमिशन नेमलं गेलं ते त्याच्याच काळात.

त्याच सुमाराला आपला एक मराठी मुलगा लाहोरच्या तुरुंगात फासावर गेला, विष्णू गणेश पिंगळे. तळेगाव ढमढेरेचा. इंजिनियरिंग शिकायला अमेरिकेत गेला, तिथे गदर या क्रांतिकारक संघटनेच्या लोकांत मिसळला, परत येऊन छावण्यांमध्ये उठाव करायची तयारी केली, मार्च १९१५ मध्ये मेरठच्या घोडदळाच्या लाइनीत बॉम्बसकट सापडला. लाहोर कटाच्या खटल्यात २४ जणांना फाशी सुनावली होती, व्हाइसरॉयने त्यातल्या १७ जणांची जन्मठेप केली, उरलेले सात १६ नोव्हेंबर १९१५ ला गेले. त्यात करतारसिंग सराभा आणि आपले पिंगळे. २७ वर्षांचे होते.

आणि आता ज्या तारखेसाठी एवढं लिहायला बसले ती. ३ जानेवारी १९४६.

त्या दिवशी सकाळी लंडनच्या वाँड्सवर्थ तुरुंगात विल्यम जॉइसला फाशी दिली. हा नाझी रेडिओवरून ब्रिटिश श्रोत्यांना उद्देशून हिटलरचा प्रचार करायचा, लॉर्ड हॉ-हॉ म्हणून लोक ओळखायचे. माणूस वाईट होता यात मला काही शंका नाही, ज्यूंचा पराकोटीचा द्वेष करणारा आणि शेवटपर्यंत हिटलरचा भक्त. पण तो जन्माने अमेरिकन होता! ब्रुकलिनमध्ये जन्मलेला, ब्रिटिश नागरिक कधीच झाला नव्हता, १९४० ला तर जर्मन नागरिकत्व घेतलं. मग ब्रिटिश राजाचा द्रोह कसा? तर १९३३ ला त्याने जन्म आयर्लंडमधल्या गॉलवेचा आहे असं खोटं सांगून ब्रिटिश पासपोर्ट काढला होता. कोर्ट म्हणालं पासपोर्ट आहे म्हणजे राजाचं संरक्षण आहे, आणि संरक्षण आहे म्हणजे निष्ठा आलीच, त्यामुळे २ जुलै १९४० ला पासपोर्टची मुदत संपेपर्यंत तो निष्ठेने बांधलेला होता. हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये एका न्यायाधीशाने वेगळं मत दिलं, बाकीच्यांनी फाशी कायम केली. तात्यांना निष्ठा विचारलीच नाही, आणि याची पासपोर्टच्या तारखा बघून मोजली.

आणि त्याच दिवशी, त्याच राजाच्या नावाने चाललेल्या दिल्लीत, आझाद हिंद सेनेचे शाहनवाज खान, प्रेमकुमार सहगल आणि गुरबक्षसिंग धिल्लन सुटले. लाल किल्ल्यात ५ नोव्हेंबरपासून कोर्टमार्शल चाललं होतं, आरोप तोच, कलम १२१, राजाविरुद्ध युद्ध. बचावाला मुंबई हायकोर्टाचे भुलाभाई देसाई, तब्येत पार खालावलेली, पण दिवसेंदिवस उभं राहून त्यांनी बाजू मांडली, आणि पुढे चारच महिन्यांनी, ६ मे १९४६ ला, ते गेले. मला त्या खटल्यात सगळ्यात जास्त माणूस म्हणून कोणाबद्दल वाटत असेल तर भुलाभाईंबद्दल. त्यांचा मुद्दा असा होता की पारतंत्र्यातल्या लोकांनाही स्वतःचं सरकार स्थापून युद्ध करायचा हक्क आहे, आणि राजावरची निष्ठा देशाच्या निष्ठेपेक्षा मोठी असू शकत नाही. शिवाय फेब्रुवारी १९४२ ला सिंगापूरच्या फॅरर पार्कवर ब्रिटिश अधिकाऱ्यानेच हजारो हिंदी सैनिक जपान्यांच्या हवाली केले होते. ज्याने सोडून दिलं तोच उलटून निष्ठा मागतोय असा तो प्रकार. कोर्टाने तरी युद्ध पुकारल्याबद्दल तिघांनाही दोषी धरलं, जन्मठेप दिली, कारण कलमात त्याहून कमी काही नव्हतंच. आणि मग सेनापती ऑकिनलेकने जन्मठेप माफ केली, फक्त बडतर्फी आणि पगार-भत्ते जप्त एवढं ठेवलं. देशभर लोक रस्त्यावर होते, आणि आपल्याच सैन्यात काय होईल याची त्याला धास्ती होती. ती खोटी नव्हती, दीड महिन्यात मुंबईत तलवार या नौदलाच्या तळावर नौसैनिकांचा उठाव झालाच.

लंडनमध्ये लोकांना जॉइस मेलेला हवा होता, तो मेला. इथे लोकांना हे तिघे जिवंत हवे होते, ते जगले. कायदा दोन्हीकडे राजद्रोहाचाच.

पण या गोष्टीला आणखी एक बाजू आहे, तिच्याबद्दल फारसं कोणी बोलत नाही. आझाद हिंदच्याच चळवळीतून पाणबुडीने भारतात उतरलेला केरळचा वक्कम खादर आणि त्याचे साथीदार १० सप्टेंबर १९४३ ला मद्रासच्या तुरुंगात फासावर गेले. काम तेच, धनी तोच, फक्त दोन वर्षं आधी, युद्ध चालू असताना, बाहेर गर्दी नसताना. ते जर १९४५ ला पकडले गेले असते तर? हे मला फार लागतं.

टकमक टोकाचं म्हणाल तर कडेलोट आणि हत्तीच्या पायी देणं या शिक्षा आपल्याकडे होत्याच. पण १६८१ ला औरंगजेबाचा बंडखोर मुलगा शहजादा अकबर याच्याशी संधान बांधल्याच्या कटात अण्णाजी दत्तोंबरोबर बाळाजी आवजी चिटणीसही मारले गेले, आणि बखरी सांगतात की बाळाजी निर्दोष होते आणि संभाजी महाराजांना मागाहून पश्चात्ताप झाला. त्याच बाळाजींचा मुलगा खंडो बल्लाळ पुढे स्वराज्यासाठी जिवावर उदार होऊन झिजला, राजाराम महाराज जिंजीहून सुटले त्यात त्याचा वाटा होता. बापाला द्रोही म्हणून मारलं आणि मुलगा असा निघाला.

१९५० ला आपण कलम १२१ मधला राणी शब्द काढून भारत सरकार घातलं, बाकी कलम जवळपास तसंच ठेवलं. कसाबला २१ नोव्हेंबर २०१२ ला येरवड्यात फाशी झाली तेव्हा खुनांच्या आरोपांबरोबर हेही कलम होतं. कसाबबद्दल मला कणव नाही, त्या रात्री सीएसटीवर जी माणसं मेली त्यांचं रक्त आहे त्याच्या हातावर, आणि रक्तासाठी फाशी असावी की नसावी हा वाद वेगळा. आता १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत ते कलम १४७ झालंय, फाशी आहेच. इंग्लंडने मात्र राजद्रोहाची फाशी १९९८ ला काढून टाकली. माझं मत स्पष्ट आहे, जिथे माणसाने जीव घेतलेला नाही, नुसतं तू कोणाचा या प्रश्नावर शिक्षा आहे, तिथे फाशी नको. तू कोणाचा हे ठरवणारेच बदलतात. केसमेंटचे अवशेष १९६५ ला ब्रिटनने आयर्लंडला परत दिले आणि तिथे सरकारी इतमामात त्याला डब्लिनमध्ये पुरलं, ४९ वर्षांनी. पिंगळ्यांचं तर काहीच परत आलं नाही.

हे सगळं मी थोडक्यात ग्रुपवर टाकलं होतं. ग्रुप गप्प. रात्री उशिरा मावसभावाचा वेगळा मेसेज आला, "ताई तो पिंगळे तळेगाव ढमढेऱ्याचाच का?" तो शिक्रापूरला कंपनीत आहे, सात वर्षं झाली, तळेगाव तिथून हाकेच्या अंतरावर आणि नाव कधी ऐकलं नव्हतं म्हणाला. रविवारी जाऊन येऊया का विचारत होता. मी नाशिकहून पहाटेची एसटी धरतेय.