भुरका

हिंगाची डबी शोधत होते आणि मागे हाताला लागला तो टिनचा छोटा डबा. जपानमधल्या उजीचा माच्चा, म्हणजे हिरव्या चहाची पूड. दोन वर्षांपूर्वी क्योतोहून कोण प्रेमाने आणलेला, तीनदा वापरला असेल फार तर. उघडून बघितलं तर पोपटी रंग पार जाऊन वाळलेल्या शेवग्याच्या पाल्यासारखा झालाय. पण टाकवेना, परत मागे सारून ठेवला. हिंग काही सापडला नाही आणि चार वाजून गेले होते म्हणून चहाचं आधण ठेवलं.

त्याच्याबरोबर बांबूची घुसळणी पण आणली होती, चाशेन म्हणतात तिला. ती कुठे गेली ते विचारू नका. नवऱ्याने एकदा मिक्सरचं भांडं घासायला घेतली. त्याची तरी काय चूक, दिसतेच तशी. एकाच बांबूच्या तुकड्याला चिरून चिरून त्याच्या ऐंशी-शंभर काड्या काढलेल्या असतात हे त्याला कोण सांगणार.

तर मुलगी तेव्हा कामासाठी ओसाकात होती आणि एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात मी गेले. चेरीचा बहर वगैरे सगळं बघून झालं, पायाचे तुकडे पडले, तेव्हा ती म्हणाली आई, आता क्योतोत एक दुपार बसायचा कार्यक्रम, चहा आहे आणि सोबत कोतोवादन पण आहे, तुला आवडेल. मला बसायचं आहे एवढंच ऐकू आलं.

बसणं सोपं नव्हतं. मुळात आत जाणंच सोपं नव्हतं. दार कसलं, दोन-सव्वादोन फुटांची खिडकीच ती, वाकून, गुडघे टेकून, रांगत आत. सेन नो रिक्यू म्हणून सोळाव्या शतकात चहाचे एक मोठे गुरू होऊन गेले, ही दारं त्यांच्या पद्धतीची. सामुराई असला तरी तलवार बाहेर ठेवून मान खाली घालून आत यायचं. माझ्याकडे तलवार नव्हती पण पर्स अडकली आणि मागून मुलगी हसली. या रिक्यूंची एक खोली अजून आहे म्हणे, फक्त दोन तातामी चटयांची, म्हणजे आमच्या माजघरातल्या सतरंजीएवढी. आणि ज्यांच्या पदरी ते होते त्या सत्ताधीश तोयोतोमी हिदेयोशीने काय केलं होतं, तर सुटे भाग करून कुठेही नेता येईल अशी सोन्याची चहाखोली! पुढे 1591 मध्ये त्यानेच रिक्यूंना पोट चिरून मरायचा हुकूम दिला. का दिला यावर अजून वाद आहेत. मला विचाराल तर कारण त्या दोन खोल्यांतच आहे, पण मला कोण विचारतंय.

बसायचं म्हणजे वज्रासनात. पाच मिनिटं मी मोठ्या ऐटीत बसले, आपल्याला योगाची सवय वगैरे. सहाव्या मिनिटाला मुंग्या.

शेजारच्या खोलीचं सरकतं दार उघडं होतं आणि तिथे किमोनोतल्या एक वयस्कर बाई कोतो घेऊन बसल्या होत्या. जवळजवळ सहा फूट लांब वाद्य, लाकडाचं, तेरा तारा, आणि प्रत्येक तारेखाली एक एक पांढरी घोडी जी सरकवून सूर लावायचा. उजव्या हाताच्या तीन बोटांना नख्या. डाव्या हाताने घोडीच्या पलीकडे तार दाबली की सूर वर चढतो, थरथरतो. क्योतोत यात्सुहाशी नावाचं दालचिनीचं बिस्कीट मिळतं ना, पालथ्या पन्हळीसारखं, ते म्हणे कोतोचाच आकार, यात्सुहाशी केंग्यो या सतराव्या शतकातल्या अंध वादकाच्या नावावरून. वादकाच्या नावाचं बिस्कीट! आपल्याकडे एखाद्या बीनकाराच्या नावाची साधी आल्याची वडी नाही.

त्यांनी 'साकुरा साकुरा' हे चेरीच्या बहराचं गाणं सुरू केलं. आणि दुसऱ्या ओळीला माझ्या डोक्यात दिवा लागला. सा, कोमल रे, म, प, कोमल ध. अरे हा तर गुणक्री! भैरव अंगाचा, लहानपणी क्लासला घोटून घोटून घेतलेला. मुलीच्या कानात सांगायला गेले तर तिने डोळ्यांनीच गप्प केलं. मग मी मनातच सरगम लावत बसले. आमच्या क्लासच्या बाई असत्या तर त्यांनी त्या किमोनोतल्या बाईंना तिथेच थांबवलं असतं, अहो दुपारचे तीन वाजलेत, हा सकाळचा राग. वेळेच्या बाबतीत बाई अशा कडक की मी संध्याकाळी अंघोळ करताना भैरव गुणगुणले तर अजूनही मला इकडेतिकडे बघावंसं वाटतं.

मग कोतो थांबलं. चहा करणाऱ्या यजमानबाई हळू आवाजात, मोडक्या इंग्रजीत म्हणाल्या की खरं तर चहाला संगीत नसतं, हे आम्ही पाहुण्यांसाठी ठेवलंय. आमच्याकडे संगीत हे. आणि त्यांनी जमिनीतल्या चौकोनी चुलीवरच्या लोखंडी किटलीकडे हात केला. खाली कोळसा नव्हता, इलेक्ट्रिकचं काहीतरी होतं, तेवढं सोडा. तर पाणी गात होतं. किटलीच्या तळाला आतून लोखंडाचे छोटे तुकडे मुद्दाम चिकटवलेले असतात, त्यामुळे तो आवाज येतो, आणि त्याला नाव आहे मात्सुकाझे, पाइनच्या झाडांतला वारा.

पाइनचं मला काय माहीत. पण गुहागरला आजोळी समुद्रावर सुरूचं बन आहे आणि दुपारी सगळे निजले की आम्ही पोरं पळून तिथे जायचो, तो आवाज अगदी तस्साच. पाऊस आला वाटायचं आणि ऊन तर लख्ख. मी डोळे मिटले तर मुलीला वाटलं आईला डुलकी लागली, कोपराने ढोसलं.

आधी गोड आलं. पांढऱ्या बियांचं पुरण वाटून फुलाचा आकार दिलेलं, गुलाबी, इवलंसं. ते आधी सगळं संपवायचं, चहाबरोबर खायचं नाही, हे मला अजिबात पटलेलं नाही. मग बाईंनी बांबूच्या चमच्याने दोनदा पूड घेतली, चमचा वाडग्याच्या कडेवर एकदाच आपटला, टक. पळीभर पाणी काढून त्यातलं निम्मंच वाडग्यात, उरलेलं परत किटलीत, तेही वरून धार धरून की त्याचाही आवाज यावा. आणि मग घुसळणं, गोल गोल नाही, पुढे-मागे, मनगटातून, हिरवा फेस येईपर्यंत. वाडगा समोर आला की डाव्या तळव्यावर घ्यायचा, थोडा फिरवायचा, कारण त्याची चांगली बाजू आपल्याकडे करून दिलेली असते आणि तिलाच तोंड लावणं बरं नाही. चव? मेथी धुतलेल्या पाण्यात कुणीतरी दूध पाहिलं होतं अशी. पण वाईट नाही. दुसऱ्या घोटाला आवडायला लागलं.

आणि मग त्या म्हणाल्या, शेवटचा घोट आवाज करून प्यायचा. मी मुलीकडे बघितलं, नीट ऐकलं ना म्हणून. हो, आवाज करून. म्हणजे यजमानाला कळतं, संपला.

आमचे अण्णा, म्हणजे आजोबा, आईचे वडील नव्हेत, सासरे, थांबा, गोंधळ होतोय. गुहागर हे वडिलांचं गाव, पण सगळे सुट्टीत जमायचे म्हणून मला ते आजोळच वाटतं, जिभेवर तेच येतं. तर अण्णा बशीतून चहा प्यायचे. कडा उडालेली बशी, एक फुंकर, आणि मग असा भुरका की ओटीवर बसलेल्या माणसाचा चहा माजघरात ऐकू यावा. आईला ते मुळीच खपायचं नाही. आई शहरातली, तिच्या माहेरी सगळे कपातून आणि तेही गुपचूप. तोंडावर बोलायची सोय नव्हती, म्हणून भुरका आला की ती भांडं जरा जोरात ठेवायची. भुरका, भांडं, भुरका, भांडं.

आत्याला बघायला चिपळूणचं स्थळ आलं तेव्हा आजीकरवी अण्णांना निरोप गेला की आज कपातून प्या. अण्णा बरं म्हणाले. पोहे झाले, चहा आला, आत्या मान खाली घालून बसलेली, मुलगा पंख्याकडे बघतोय, कुणाला काही सुचेना. आणि अण्णांनी सवयीने कप बशीत रिकामा केला. फुर्रर्र. आईने दाराआडून कपाळाला हात लावला. मुलाचे वडील क्षणभर थबकले, मग त्यांनीही आपला कप बशीत ओतला, फुर्र, आणि पुढे तासभर दोघं सुपारीच्या भावावर बोलत बसले. लग्न नाही जमलं. पण ते पत्रिकेमुळे, बशीमुळे नाही.

तर क्योतोत मी शेवटचा घोट घेतला. अण्णांची नात शोभेन असा. शेजारचं जर्मन जोडपं दचकलं. यजमानबाईंनी मात्र कमरेतून वाकून नमस्कार केला. बाहेर पडताना उठता येईना, दोन्ही पाय गेलेले, मुलीने काखेत हात घालून उभं केलं आणि म्हणाली आई, जरा अतीच केलंस.

केलं असेल.

अण्णा गेले त्या पावसाळ्यात शेवटचे आठ-दहा दिवस ते आडवेच होते. आई वाटीतून चमच्याने चहा पाजायची, कोमट करून, एकेक चमचा. घरात इतकी शांतता की पागोळ्या ऐकू यायच्या. मी उंबऱ्यात बसले होते. आईने चमचा तोंडाला लावला, चहा आत गेला, ओघळला थोडा, तिने पदराने पुसला. आणि एकदम म्हणाली, "मामंजी, आवाज करा की हो."

गॅसवरचं पाणी निम्मं आटलंय. परत घालते.