एका वेळी एकच वाचक

मागणीची चिठ्ठी हातात पडली की समोरचा कशासाठी आलाय याचा मला साधारण अंदाज येतो. चिनी लेखिका आयलीन चँगचे कागद मागणाऱ्यांचे तर सरळ दोन तट आहेत, लिखाणवाले आणि मरणवाले. लॉस एंजेलिसच्या सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठाकडे तिचे कागद १९९७ साली आले. इथल्या वाचनकक्षात ते वाचकांपुढे ठेवणं आणि परत मोजून घेणं, हे माझं काम.

मरणवाल्यांची गोष्ट ठरलेली. जपानी अंमलातल्या शांघायमध्ये ऐन तेविशीत गाजलेली लेखिका १९५५ साली बोटीने अमेरिकेत येते, इथे तिच्या इंग्रजी कादंबऱ्यांना कोणी विचारत नाही. नवरा फर्डिनांड रायर १९६७ साली जातो. पुढे किड्यांच्या धास्तीने या मोटेलातून त्या मोटेलात, आणि सप्टेंबर १९९५ मध्ये लॉस एंजेलिसमधल्याच वेस्टवूडच्या भाड्याच्या घरात एकटीच मरते. जगाला कळतं काही दिवसांनी. यातलं खोटं काहीच नाही. पण मग या बाईने एवढं लिहिलं कधी?

त्या दिवशी आलेले गृहस्थ पक्के मरणवाले. कुठल्याशा मासिकासाठी लेख करत होते. शेवटच्या वर्षांचं जे असेल ते द्या, म्हणाले. १९८८ मध्ये चँगच्या शेजारची खोली भाड्याने घेऊन एका पत्रकार बाईने तिचा कचरा उपसला होता, तो किस्सा त्यांनी मला भलत्याच कौतुकाने ऐकवला. सुगावा लागताच चँगने तडकाफडकी ती जागा सोडली, हे मात्र गाळलं. मी ऐकून घेतलं. काउंटरवर बसून मत द्यायचं नसतं.

आणि देणार तरी कुठल्या तोंडाने? ‘छोटं पुनर्मीलन’ ही कादंबरी नष्ट करायची, असं चँगने १९९२ च्या पत्रात लिहिलं होतं. ती २००९ मध्ये छापली गेली. मीही विकत घेऊनच वाचली.

पलीकडच्या टेबलावर शांघायजवळच्या सुझौ शहरातल्या एक आजी होत्या. त्यांच्यापुढे चँगने केलेला ‘शांघायची फुलं’ या कादंबरीचा इंग्रजी अनुवाद होता. हान बांगछिंगची ही १८९० च्या दशकातली कादंबरी, शांघायच्या कोठ्यांवरची. तिच्यातले संवाद सगळे सुझौच्या बोलीत. चँगने ती प्रमाण चिनीतही आणली आणि इंग्रजीतही. इंग्रजीचं हस्तलिखित हरवलं असं लोक धरून चालले होते. ते निघालं तिच्या कागदांतच, आणि २००५ मध्ये पुस्तक झालं.

आजी मूळ पुस्तक शेजारी ठेवून ओळ न् ओळ ताडत होत्या. कोपऱ्यात पेन्सिलीची बारीक बारीक टोकं मांडलेली. तासाभराने त्या पुटपुटायला लागल्या, मग सरळ मोठ्याने. एकदा कोठीवालीचा आवाज, एकदा गिऱ्हाइकाचा. ते ठसक्यातलं भांडण मला शब्दाने कळलं नाही, तरी कोण वरचढ आहे ते कळत होतं. शांतता राखा म्हणायला मी उठले.

आजींनी पानावर बोट ठेवून मलाच विचारलं, “हिला काम नव्हतं म्हणतात ना? हे बघा काम.” आणि पुन्हा वाचायला लागल्या, जरा हळू, एवढीच माझ्यावर मेहेरबानी.

गृहस्थांची मान तिकडे वळली होती. थोड्या वेळाने उठून आले आणि नवी चिठ्ठी पुढे केली. तोच अनुवाद हवा होता.

मी म्हटलं, एका वेळी एकच वाचक, असा नियम आहे. त्यांचं झालं की देते. ते बसून राहिले. दुपारी एकदा, चारला एकदा, घड्याळाकडे आणि मग आजींकडे बघून घेतलं. आजींनी बंद व्हायच्या वेळेपर्यंत खोकं सोडलं नाही, आणि परत करताना दुसऱ्या दिवशीसाठी स्वतःच्याच नावावर राखून ठेवायला सांगितलं.