दाबोळीचे जावई

पुण्यातल्या आमच्या गोवेकर मंडळाचा मेळावा १९ डिसेंबरच्या, म्हणजे गोवा मुक्तिदिनाच्या आसपासच्या रविवारी व्हायचा. पत्रिकेवर ध्वजवंदन, ज्येष्ठांचा सत्कार, मुलांचं नाटुकलं वगैरे. लोक यायचे ते खतखत्यासाठी आणि गेल्या वर्षीची भांडणं पुढे चालवायला. पातेल्यांच्या अगदी जवळची खुर्ची आमच्या काकांची. मावशीचे यजमान, मूळचे सदाशिव पेठेतले. पण मंडळाच्या लेखी ‘आमचो जांवय’. हवाई दलात होते, एवढंच सर्वांना माहीत. फार विचारलं तर मेसमधल्या गमती सांगून सोलकढीकडे वळायचे.

ऐंशी उलटल्यावर एका वर्षी पाहुणे वक्ते वाटेत अडकले. वेळ काढायला कोणीतरी जावयांच्या हाती माईक दिला. काका उठले नि म्हणाले, “मी तुमच्या दाबोळीच्या विमानतळावर बॉम्ब टाकलेत.”

१८ डिसेंबर १९६१ची सकाळ. लोहगावहून बारा कॅनबेरा बॉम्बफेकी विमानं निघालेली, नेतृत्व विंग कमांडर मेनन यांचं. कॅनबेराची इंजिनं काडतुसांनी सुरू व्हायची. धूर एवढा, की शेजारचं विमान दिसेना. काका नेव्हिगेटर, म्हणजे विमानाच्या नाकात पालथं पडून नेम धरणारे. “वेळ आली तर बाहेर पडायला पायलटला इजेक्शन सीट होती, मला दार,” असं त्यांनी इतक्या सहज सांगितलं, की आम्ही आधी हसलो आणि मग हसू आवरलं. हुकूम स्पष्ट होता: धावपट्टी फोडायची, टर्मिनलला धक्का लावायचा नाही. काही मिनिटांत ६३,००० पौंडांचे बॉम्ब पडले. पोर्तुगीजांकडे गोव्यात एकही लढाऊ विमान नव्हतं, हे काकांना नंतर कळलं. आकाशाकडे बघून मान दुखली ती फुकटच.

“वाटलं, आता इथून कावळाही उडायचा नाही. आणि त्याच रात्री, त्याच धावपट्टीवरून दोन प्रवासी विमानं उडून कराचीला गेली!” हे सांगताना काका डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसले. स्वतःच्या फजितीवर इतकं मनापासून हसणारा फौजी मी दुसरा पाहिलेला नाही.

कोणीतरी खालच्या गावाचं विचारलं. काका जरा थांबले. “नेम धरताना फक्त धावपट्टी दिसते. गाव नकाशावर असतं.”

“आणि नकाशावरच्या त्या गावात मी होते,” बायकांच्या रांगेतून मावशी. चिखलीचं तिचं माहेर विमानतळाला लागूनच. कौलं थडथडली तशी तिच्या बाबांनी सगळ्या पोरांना देवघरात कोंबलं होतं. पुढे काकांचं स्थळ आलं, तेव्हा त्यांनी म्हणे एवढंच विचारलं: मुलाचा नेम बरा आहे ना?

त्यानंतर दरवर्षी नाटुकल्याच्या आधी काकांची दहा मिनिटं ठरूनच गेली. तपशील हलायचे. मावशी जागेवरून दुरुस्त्या करायची, नि ते दोघांचं जुगलबंदीसारखं चालायचं. खतखतं निवायचं, तक्रार मात्र फक्त आचाऱ्याची.

काकांच्या शेवटच्या मेळाव्यात माईक हातात घेऊन ते म्हणाले, “बारा विमानं...” आणि पुढचं आठवेना. माईक थरथरत होता. मावशी उठून शेजारी जाऊन उभी राहिली. “काडतुसं उडाली, केवढा धूर,” तिने सुरुवात केली, “मग आम्ही समुद्रावरून दाबोळीकडे वळलो...” काका खुर्चीत बसून मन लावून ऐकत होते. धावपट्टी फोडून झाल्यावर तिने कौलांचंही सांगितलं.