नेचा कापायचा हक्क

मुलीच्या शाळेने रानातल्या सहलीची चिठ्ठी पाठवली. डबा, पाण्याची बाटली, रेनकोट हे नेहमीचं. त्याखाली ठळक अक्षरात: फुल पॅंट घालावी, पायमोजे पॅंटवर ओढून घ्यावेत, नेच्यात शिरू नये आणि घरी आल्यावर पालकांनी मुलाचं अंग तपासावं. काखा, जांघा, गुडघ्यामागे, कानामागे, केसांत. कारण, गोचीड.

मी दोडामार्गची. 2016 च्या सुमारास आमच्या तालुक्यात गोचडीतून पसरणाऱ्या माकडतापाने माणसं दगावली, तेव्हापासून काजू वेचायला जाताना अंगाला गोचीड दूर ठेवणारं तेल चोळून जायचं हे आमच्याकडे पोरालाही कळतं. आईला फोनवर चिठ्ठी वाचून दाखवली तर म्हणाली, "अगो, थंयसर पण गोचडी?" तिच्या आवाजात चक्क दिलासा होता, आणि मलाही बरं वाटलं. त्या वर्षी मुंबईचे नातेवाईक आम्हाला विचारायचे, "तुमच्याकडची रानं कसली रे, माणसं मारणारी?" इथे लंडनपासून पन्नास किलोमीटरवर शाळा तेच लिहून पाठवते, आणि कोणी रानाला नावं ठेवत नाही.

दोन्हींत फरक आहे, तो सांगायला हवा. माकडताप विषाणूचा. इथल्या गोचडीने होणारा लाइम आजार जिवाणूचा, आणि वेळेत कळला तर अँटिबायोटिकने बरा होतो. चावणारी प्रत्येक गोचीड आजार देते असंही नाही. पण चावल्यानंतर एक ते चार आठवड्यांत, कधी त्याहून उशिरा, तिथे पसरत जाणारा लाल चट्टा दिसला की डॉक्टरकडे जायचंच. शेजारच्या आजींनी चिठ्ठी पाहिली आणि घरात जाऊन प्लास्टिकचा एक छोटा आकडा आणून दिला. गोचडीखाली सरकवायचा, फिरवायचा, अख्खी बाहेर येते. तेल ओतायचं नाही, काडी पेटवून चटका द्यायचा नाही, बोटांनी चिरडायची नाही. लहान अवस्थेतली गोचीड खसखशीच्या दाण्याएवढी असते, म्हणून नुसतं बघून भागत नाही, हात फिरवावा लागतो. आजी सत्तरीपुढच्या, रानाच्या कडेला त्यांची थोडी मेंढरं असतात. त्यांनी आमच्या मुलीच्या गुडघ्यामागे कसं बघायचं ते स्वतः वाकून दाखवलं. परक्या देशात आपल्या लेकराला कोणी असा हात लावून काळजी दाखवली की पोटात काय होतं, ते बाहेर राहणाऱ्यांना सांगायला नको.

हे रान म्हणजे ससेक्समधलं ॲशडाउन फॉरेस्ट. नाव फॉरेस्ट असलं तरी निम्म्याहून जास्त भाग उघडा माळ आहे: हेदरची जांभळी झुडपं, पिवळ्या फुलांचं काटेरी गॉर्स, आणि त्यांना गिळत चाललेला ब्रॅकन नावाचा नेचा. एकूण अडीच हजार हेक्टर. जुलैत ब्रॅकन माझ्या खांद्याला लागतो. त्याच्या बुडाशी वर्षानुवर्षांच्या वाळक्या पानांचा ओलसर थर साचलेला असतो आणि गोचडीला तसाच ओलावा लागतो. म्हणून चिठ्ठीत नेच्याचं नाव होतं.

आपल्याकडे पावसाळ्यात गडग्याच्या फटीत, विहिरीच्या कठड्यात उगवतात ते नेचे नाजूक. ब्रॅकनचं खरं झाड जमिनीखाली असतं. आजींनी कुंपणाजवळ फावड्याने खणून दाखवलं: बोटाएवढं जाड, काळं खोड आडवं पळत होतं. मोडल्यावर आतून पांढरं, पिठूळ, चिकट. त्यावर जागोजागी कोंब, काही जागे, काही झोपलेले. वरचं पान कापा, जाळा, थंडीने करपू द्या, खाली पीठ साठलेलं असतं, दुसरा कोंब वर येतो. एकाच खोडापासून पसरलेलं रान शेकडो वर्षं जगतं. बिया नाहीत, पानाच्या कडेला तपकिरी बीजाणू धरतात, कोट्यवधींनी. अंटार्क्टिका सोडला तर हा नेचा प्रत्येक खंडावर आहे, आपल्या हिमालयात आणि निलगिरीतही. मे महिन्यात त्याचे कोवळे कोंब मुठी वळून वर येतात, तेव्हा त्यांच्या देठाच्या सांध्यांवर गोड रसाचे ठिपके असतात आणि मुंग्या ते चाटायला रांगेने चढतात. मी तिथे उकिडवी बसून कितीतरी वेळ बघत राहिले.

आणि हा विषारी आहे. साध्यासुध्या अर्थाने नाही. घोड्याने खाल्ला तर त्यातलं एक द्रव्य ब-1 जीवनसत्त्व मोडून टाकतं, घोडा झोकांड्या खायला लागतो. वेळेत ब-1 ची इंजेक्शनं दिली तर वाचतो. गुरांचं वेगळं. आठवडे-महिने खात राहिली की हाडांतला मगज रक्त बनवायचं थांबवतो, ताप येतो, नाकातून आणि शेणातून रक्त जातं, आणि तोवर उपाय उरलेला नसतो. थोडं थोडं वर्षानुवर्षं पोटात गेलं तर मूत्राशयात गाठी होतात, लघवी लाल होते. उत्तराखंड, सिक्कीमच्या डोंगरात गुरांचा हा आजार जुना आहे. मेंढरांची दृष्टी जाते. 1965 मध्ये वेल्समधल्या बँगोरच्या संशोधकांनी उंदरांना ब्रॅकन खाऊ घालून कर्करोग होतो हे दाखवलं. 1983 मध्ये जपान आणि नेदरलँड्समध्ये जवळपास एकाच वेळी त्यातलं मुख्य विष वेगळं काढलं गेलं, टॅक्विलोसाइड त्याचं नाव. पाण्यात विरघळतं, गाईच्या दुधात उतरतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने ब्रॅकनला 'माणसात कर्करोग करू शकेल' अशा गटात ठेवलं आहे.

हे सगळं वाचून झाल्यावर ऑफिसातली कोरियन मैत्रीण डब्यात त्याचीच भाजी घेऊन आली! गोसारी म्हणतात. कोवळे कोंब उकडून, रात्रभर पाण्यात ठेवून, वाळवून, पुन्हा भिजवून तिळाच्या तेलात परततात. जपानीही खातात, ते राखेच्या किंवा सोड्याच्या कढत पाण्यात ठेवतात. क्षाराने आणि उष्णतेने ते विष मोडतं, बरंचसं. सगळं जात नाही, आणि जपानमध्ये रोज खाणाऱ्यांत अन्ननलिकेचा कर्करोग जास्त आढळला होता, म्हणून मी दोन घास खाल्ले आणि थांबले. पण टेबलावरच्या एका सहकाऱ्याने नाक मुरडून "विषारी झाडं का खाता तुम्ही लोक?" असं विचारलं तेव्हा मैत्रिणीआधी मलाच राग आला. मी त्याला आमच्या शेवळांच्या रानभाजीबद्दल सांगितलं. पावसाच्या तोंडावर उगवणारी शेवळं नुसती शिजवली तर घसा खाजून जीव नकोसा होतो, काकड नावाच्या रानझाडाच्या फळांचा आंबट रस घातला की ताटातली उत्तम भाजी. कुठल्या झाडाचं फळ कुठल्या कंदाला उतारा, हे ज्यांनी शोधलं त्यांच्याकडे प्रयोगशाळा नव्हती, उपाशी पोरं होती. यात शरमेचं काय? इंग्लंडने हे ज्ञान कधी कमावलंच नाही, कारण इथे ब्रॅकन खायची वेळ फारशी आली नाही. मात्र इथल्या लोकांनी त्याचा दुसरा उपयोग केला, आणि तो मला आतून हलवून गेला.

ॲशडाउनच्या कडेच्या शेतकऱ्यांना या रानात पिढ्यान्‌पिढ्या हक्क होते: गुरं चारायचे, सरपणाला ठरावीक झाडं तोडायचे, आणि शरद ऋतूत वाळलेला ब्रॅकन आणि हेदर कापून गाड्या भरून न्यायचे. कशाला, तर गोठ्यात अंथरायला. हिवाळाभर गुरं त्यावर बसायची, शेणमुताने तो भिजायचा, वसंतात शेतात जायचा. ऑक्टोबर 1877 मध्ये जॉन माइल्स नावाचा माणूस आपल्या मालकासाठी असाच नेचा कापत होता, तेव्हा जमीनदार अर्ल डी ला वॉर यांच्या माणसांनी त्याला हरकत घेतली. अर्लचं म्हणणं, गुरं चारा, पण कापून न्यायचा हक्क तुम्हाला नाही. प्रकरण कोर्टात गेलं. शेतकऱ्यांच्या बाजूचा रेपर नावाचा तरुण वकील गावोगाव फिरला आणि म्हाताऱ्या माणसांकडून त्याने लेखी साक्षी घेतल्या: तुमचे वडील कधीपासून कापायचे, कुठे कापायचे, कोणी अडवलं होतं का. 1880 मध्ये निकाल अर्लच्या बाजूने लागला. 1881 मध्ये अपिलात उलटला. साठ वर्षं बिनहरकत कापत आलात, म्हणजे तो तुमचा हक्क. पुढे 1885 मध्ये कायदा झाला आणि रानाची देखरेख एका मंडळाकडे आली, ते आजही आहे.

विषारी नेच्याच्या वाळक्या पानांसाठी लोक अर्लविरुद्ध अपिलापर्यंत गेले, हे वाचलं आणि आमचा गोठा डोळ्यासमोर आला. आम्ही पातेरा, म्हणजे रानातला वाळका पाला, गोळा करायचो. उन्हाळ्यात आई, काकी, आम्ही पोरी पहाटे खराटे घेऊन रानात, टोपल्या भरून डोक्यावर. गोठ्यात अंथरायचा, गायरीत म्हणजे शेणखताच्या खड्ड्यात टाकायचा, पेरणीआधी शेतात न्यायचा. हुबेहूब तेच काम! शाळेत असताना मला त्याचा कंटाळा होता, पण त्या कामाने रानाचा तळ साफ राहायचा, वणव्याला खाद्य कमी मिळायचं, हे आता कळतं.

ॲशडाउनमध्ये पहिल्या महायुद्धानंतर आणि विशेषतः दुसऱ्यानंतर कापणारे कमी झाले. गुरं गेली, गोठे राहायची घरं झाली. हक्क कागदावर शाबूत आहे, तो वापरणारे मूठभर. मग ब्रॅकन माजला. तो परका नाही, इथलाच. आपल्याकडच्या घाणेरीसारखा किंवा गाजर गवतासारखा बाहेरून आलेला नाही. त्याला आवर घालणारी माणसं आणि जनावरं तेवढी निघून गेली. आमच्याकडे डोंगर रबराला आणि अननसाला गेले, दादाने दोन सोडून बाकी गुरं विकली. त्यावर मी इथून एक शब्द बोललेली नाही. आईचे गुडघे गेलेत, गोठा झाडणार कोण? मी परतले असते तर गुरं राहिली असती असं मानणारे नातेवाईक आहेत, मला तसं वाटत नाही. गाव सोडणाऱ्या पोरींमुळे गोठे ओस पडले नाहीत, दुधाला भाव मिळाला नाही म्हणून पडले.

ब्रॅकन मुळापासून उपटून टाकावा असंही इथे कोणी म्हणत नाही, आणि ते मला पटतं. जिथे तो विरळ आहे तिथे त्याच्या सावलीत जंगली व्हायोलेट उगवतात आणि काही दुर्मीळ फ्रिटिलरी फुलपाखरांच्या अळ्या त्या पानांवरच वाढतात. प्रश्न दाट माजण्याचा. अॅसुलम नावाचं तणनाशक हेलिकॉप्टरने फवारायचे. त्यावर बंदी आल्यावर काही वर्षं आणीबाणीची खास परवानगी काढून ते वापरलं जायचं, पुढे तीही मिळेनाशी झाली. डोंगराळ भागातले शेतकरी चिडले, त्यांचा राग समजतो, कारण उतारावर ट्रॅक्टर जात नाही. तरी मी बंदीच्या बाजूची आहे. उन्हाळ्यात दोनदा कापा, रोलरने देठ चेचा, हे वर्षानुवर्षं केलं तर खालचं पीठ संपतं. मजुरी लागते, एवढंच. आणि मजुरीला पैसे नाहीत असं हा देश म्हणतो तेव्हा मला ते मान्य होत नाही.

आजी म्हणतात, खरा उपाय गुरंच. थंडीत जड जनावरं त्यावरून चालली की वाळका थर फाटतो आणि खालच्या कोंबांना गोठवणारी थंडी लागते, ते मरतात. फक्त कोरड्या उन्हाळ्यात, गवत आटलं की त्यांना तिथून काढायचं, नाहीतर भुकेने ती ब्रॅकनला तोंड लावतात. इंग्लंडात काही ठिकाणी आता गाईच्या गळ्यात उपग्रहाशी जोडलेले पट्टे बांधतात. मोबाइलवर आखलेली हद्द आली की पट्टा आधी वाजतो, मग हलका झटका देतो, गाय वळते. तारेचं कुंपण लागत नाही. दादाला फोटो पाठवला. त्याने विचारलं, पट्टा केवढ्याला आणि दूध किती देते. पट्ट्याची किंमत मी आजींना विचारून सांगणार आहे.